एका खटक्याची बदली

क्युपर्टिनोच्या ॲपल दरबाराने २०१० साली आयपॅड नामक पाटी प्रजेच्या हाती दिली, तेव्हा तिच्या कडेला एक चिमुकला खटका बसवून, तो सरकवताच पडद्याचे फिरणे थांबावे अशी जी तजवीज केली होती, ती स्तुत्यच होती. परंतु त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात एका फर्मानासरशी त्या खटक्याची आवाज बंद करण्याच्या खात्यात जी तडकाफडकी बदली झाली, तीत दिसणारी प्रशासकीय दूरदृष्टी आमच्या महसूल खात्यालाही अद्याप साधलेली नाही. अंथरुणात पडून वाचणाऱ्याने सवयीने खटका सरकवावा, तर पान गरकन आडवे आणि पाटी मुकी! पडदा रोखण्याचे काम आता होमचे बटण दोनदा दाबून, खालून निघणारी पट्टी बाजूला सारल्यावर दिसणाऱ्या चिन्हाकडे गेले होते. २०११ च्या मार्चमध्ये खटक्याचे खाते निवडण्याची मुभा मालकास मिळाली. २०१४ साली आयपॅड एअर २ वरून खटकाच बडतर्फ झाला. तंटा मिटवण्याची ही रीत न्यायखात्याने अवश्य अभ्यासावी.

वास्तविक यंत्र निर्दोष आहे. आतील त्वरणमापक गुरुत्वाकर्षणास साक्षी ठेवून वरची बाजू ठरवतो. कुशीवर लोळणारा मनुष्यच काय तो नियमबाह्य. सबब, खटका पाटीऐवजी वाचकाच्या मानेशीच बसवावा आणि तो सरकवताच वाचक ताठ उभा राहावा, अशी आमची नम्र सूचना आहे. पुढेमागे एखाद्या नोव्हेंबरात त्याचीही बदली आवाजाच्या खात्यात झाली, तर तिच्याविरुद्ध एकही तक्रार क्युपर्टिनोपर्यंत पोहोचणार नाही, याची हमी आम्ही आताच लिहून देतो.