चतुःसीमा काका

घुग्घुसच्या टपरीवर कुणी सांडलेल्या चहात बोट बुडवून टेबलावर नकाशा काढताना दिसला, तर ते चतुःसीमा काका समजावेत. खरं नाव सातबाऱ्यावर आहे. तेही फेरफारात चुकलेलं, म्हणून काका ते सहसा सांगत नाहीत. लग्नाच्या पंगतीत बसतानाही पूर्वेस कोण, पश्चिमेस कोण, हे आधी पाहून घेतात. शेजाऱ्याची पत्रावळ बोटभर इकडे सरकली, तर वाढप्याला साक्षीदार करतात.

भांडण धुऱ्याचं, म्हणजे बांधाचं. दीड हात रुंदीच्या. विरुद्ध पक्ष चुलतभाऊ. दरवर्षी नांगराच्या एकेका तासाने भावाने धुरा कोरला, असं काकांचं म्हणणं. भावाचंही शब्दशः हेच म्हणणं. दोघंही खरं बोलत असावेत, कारण आता त्या धुऱ्यावरून शेळीसुद्धा विचार करून चालते.

काकांच्या नायलॉनच्या थैलीत आज्याचं खरेदीखत असतं. त्यात शेताचं वर्णन : पूर्वेस नाला, पश्चिमेस बैलबंडीची वाट, उत्तरेस बाभूळ, दक्षिणेस बाकी जमीन. लिहिणाऱ्याला काय ठाऊक, की पुढे या भागात कोळशापायी काय काय हलणार आहे! नाला खाणीच्या मातीच्या ढिगाऱ्याला वळसा घालून भलतीकडे गेला. बैलबंडीच्या वाटेवर कोळशाचे ट्रक आले. बाभळीचं वखर झालं. ते वखर काकांच्याच घरी आहे, पण ही बाब दाव्यात आलेली नाही.

दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 सालची. तिच्या आदेश 7, नियम 3 प्रमाणे जमीन ओळखता येईल असं वर्णन दाव्यात लागतं. काकांना हा नियम तोंडपाठ, टायपिस्टला नव्हता. त्याने पूर्व-पश्चिमेची अदलाबदल केली आणि कागदोपत्री काकांचं शेत भावाच्या शेतात जाऊन बसलं. उलटतपासात समोरच्या वकिलाने विचारलं, “म्हणजे आज तुम्ही पेरता ते शेत तुमचं नाही, बरोबर?”

“शेत माह्यंच हाये, साहेब. कागदात सूर्य उलटा उगवला.”

मग दुरुस्तीचा अर्ज, त्यावर भावाचं म्हणणं, आणि अर्थातच तारीख.

पुढे कोर्टाने मोजणीसाठी कमिशनर नेमला. मोजणीवाला खांबावर बसवलेलं यंत्र घेऊन आला. ते थेट उपग्रहाशी बोलतं, असं त्याने सांगितलं. काकांनी वर पाहिलं. “काऊन गा, उपग्रहाले माह्या आज्याची बाभूळ दिसते काय?” मोजणीच्या नकाशाची ‘क’ प्रत आली तेव्हा दोघांचीही आराजी थोडी थोडी कमी भरली. एवढी वर्षं एकमेकांनी खाल्लेली जमीन कुणाच्याच पोटात सापडली नाही. आराजी आणि सीमा जुळल्या नाहीत तर न्यायालयं सहसा सीमा धरतात, हे काकांच्या वकिलाने ठासून मांडलं. मुद्दा पक्का होता. फक्त सीमा हजर नव्हत्या.

लोक हसतात, दीड हात जमिनीपेक्षा झेरॉक्सचा खर्च जास्त झाला म्हणतात. हिशेब खरा आहे. पण ज्या गावात मातीचे डोंगर नव्याने उभे राहतात आणि नाले रस्ता बदलतात, तिथे एक तरी रेघ आज्याने सोडली तिथेच असावी, हा हट्ट मला फारसा वेडा वाटत नाही. पत्रावळीचं मात्र मी समर्थन करणार नाही.

2022 च्या ऑगस्टमध्ये आमराई वॉर्डातलं एक घर अख्खंच्या अख्खं जमिनीत गेलं, साठ-सत्तर फूट खोल. माणसं बाहेर पळाली म्हणून वाचली. सारं गाव बघायला गेलं. काका बघून थेट चंद्रपूरला वकिलाकडे. “साहेब, चारही दिशा लिवल्या, खालची राह्यली. लिवा : खाल्लाकडे...” आणि तिथेच अडकले. वकिलाने जमीन महसूल संहिता काढली, कलम 48 दाखवलं. खाली जे खनिज असेल, त्यावर हक्क शासनाचा.

काकांनी बराच वेळ छताकडे, मग फरशीकडे पाहिलं.

“म्हंजे वर मी, खाली सरकार?”

“तसंच समजा.”

“मंग माहा न सरकारचा धुरा किती फुटावर येते, तेवढी मोजनी लावून द्या. तातडीची फी भरतो.”