भाऊसाहेबांची काकडी

"रविवारी या. काकडी आहे," एवढंच बोलून भाऊसाहेब फोन ठेवतात. कोणाकडे मासे असतात, कोणाकडे पुरणपोळी असते, तेव्हा माणसं फोन करतात. काकडी आहे म्हणून बोलावणारे आमच्या अख्ख्या गोतावळ्यात हे एकटेच. आणि श्रावणातल्या रविवारी पळस्पे फाट्यावर तासभर गाडीत घाम गाळत आम्ही जातोही. न जाऊन सांगता कोणाला? ते माझे साडू आहेत. सासुरवाडीच्या नात्यात सासऱ्याला एकवेळ नाही म्हणता येतं, साडूला नाही.

शिरढोण मागे टाकून कर्नाळ्याकडे निघालं की हायवेपासून जरा आत त्यांचं घर. निवृत्तीच्या पैशातून बांधलेलं. गच्चीतून कर्नाळ्याचा सुळका समोर दिसतो. येणारा प्रत्येक पाहुणा "अगदी अंगठ्यासारखा दिसतो नाही?" असं म्हणतो आणि भाऊसाहेब प्रत्येकाला तेच उत्तर देतात: "अंगठाच तो. सही नाही, साक्षीदाराचं नाव नाही. आमच्याकडे असतं तर आक्षेप काढला असता."

तेहतीस वर्षं ते सरकारी लेखापरीक्षणात होते. म्हणजे तेहतीस वर्षं त्यांनी स्वतः काही केलं नाही, दुसऱ्यांनी केलेल्यात काय चुकलं ते लिहिलं. एखाद्या शाळेच्या बाकांना कोणी रंग दिला की चार वर्षांनी भाऊसाहेब जाऊन विचारणार, दीड डबा उरला तो कुठे आहे? घरातही तेच. आमटी पानात पडल्यावर ते तिचं मूल्यमापन करत, पण ती चुलीवर असताना तिकडे फिरकत नसत. अशा माणसाने त्रेसष्टाव्या वर्षी हातात काकडी धरली. याला कारण बुडापेस्ट.

मुलगी आणि जावई तिथे नोकरीला. व्हिसा नव्वद दिवसांचा. भाऊसाहेब एकोणनव्वद दिवस राहून आले, एक दिवस हिशेबातल्या चुकीसाठी राखून. तिथल्या शेजारच्या आजीबाईंना मराठी येत नव्हतं, यांना हंगेरियन येत नव्हतं, तरी दोघांचं जमलं. कारण आजीबाई काहीही करायच्या आणि हे शेजारी उभं राहून बघायचे. सवयच ती. परत आले तेव्हा त्यांच्याकडे बॅगेत एक काकडी किसायची पट्टी, बाजारातून घेतलेले पाप्रिकाचे दोन डबे आणि डोक्यात हंगेरियनचे अकरा शब्द होते. त्यातले नऊ खाण्याचे.

तो बाजार म्हणजे डॅन्यूबच्या काठचा, १८९७ साली सुरू झालेला मोठा झाकलेला बाजार. भाऊसाहेब त्याच्याविषयी अशा आदराने बोलतात, जणू त्याचं पहिलं ऑडिट यांनीच केलं होतं.

काकडीला तिकडे उबोर्का म्हणतात आणि सॅलडला शालाता. दोन्ही मिळून उबोर्काशालाता. ताईंनी म्हणजे माझ्या मोठ्या मेव्हणीने पहिल्याच दिवशी त्याची 'उपकारशाळा' केली आणि घरात तेच नाव रुळलं. नाव चुकलं असंही म्हणता येत नाही. त्या दिवशी बारा भांडी घासायला पडली होती. काकडीच्या कोशिंबिरीला बारा भांडी कशी लागतात ते मी नंतर जवळून पाहिलं: मिठाला एक, साखरेला एक, साखर-मिठाला वेगवेगळं मोजायला दोन, आणि मग मोजलेलं मोजायला दोन.

शाळा सकाळी सातला रस्त्यावर भरते. अभयारण्याच्या वाटेवर पावसाळ्यात आसपासच्या वाड्यांवरच्या बायका वेलावरच्या काकड्यांचे वाटे मांडून बसतात. "कवली हाय काका, घ्या," असं म्हणत एक बाई दरवेळी यांच्याकडे एक काकडी सरकवते. भाऊसाहेब नमुना तपासणी करतात. देठाकडचा तुकडा कापतात, तोच कापल्या जागी घासतात, फेस काढतात आणि चाखतात. काकडीचा कडूपणा देठाशीच जास्त जमतो, एवढं खरं. फेसाबरोबर तो निघून जातो का, यावर आमच्यात दोन तट आहेत. पण भाऊसाहेबांचा घास मोठा. एका वाट्यात पाच काकड्या असतील तर हे दोन तपासतात. गेल्या खेपेला त्या बाईने सरळ विचारलं, "तपासलेल्याचं पैसं कोन देनार?" तेहतीस वर्षांत त्यांना हा प्रश्न कोणी विचारला नव्हता. त्यांनी मुकाट्याने दिले.

मग घरी वर्ग सुरू. आम्ही सगळे ओट्याभोवती. भाऊसाहेब पट्टीवर काकडी सरकवतात आणि समोरच्याला चकती उजेडात धरायला लावतात. पलीकडचा अंगठा दिसला पाहिजे. स्वतःचा नव्हे, कर्नाळ्याचा. पावसाळी काकडी बियाळ असते, चकतीच्या मधोमध जाळी पडते, त्यामुळे सुळका तसाही दिसतोच. चकत्यांवर मीठ, आणि वर घड्याळ लावून अर्धा तास. मीठ काकडीतलं पाणी बाहेर ओढतं, आणि काकडी म्हणजे शंभरातले पंचाण्णव भाग पाणीच. अर्ध्या तासाने पातेल्यात चकत्या मऊ, वाकलेल्या, तळ्यात बुडालेल्या. मग ते मूठ मूठ घेऊन पिळतात. हा प्रसंग बघण्यासारखा असतो. डोळे मिटलेले, ओठ घट्ट, मूठ छातीशी. एखाद्या ठेकेदाराकडून कबुली काढताना ते असेच दिसत असावेत.

यावर पाणी, साखर, व्हिनेगर आणि ठेचलेली लसूण. व्हिनेगरने पहिल्या वेळी घात केला होता. हंगेरीत घरोघरी दहा टक्क्यांचं व्हिनेगर वापरतात, आपल्याकडे वाण्याकडे चार-पाच टक्क्यांचं मिळतं. भाऊसाहेबांनी त्रैराशिक मांडलं आणि दुपटीहून थोडं जास्त ओतलं. त्रैराशिक बरोबर होतं. फक्त त्याबरोबर दुप्पट पाणीही आलं आणि काकडी पोहायला लागली. लसणीचं वेगळंच. ताईंचा चातुर्मास. "तिकडच्या आजीबाईंना चातुर्मास नसतो," असं हे म्हणाले, त्यावर "त्यांना तुम्हीही नाही," असं उत्तर मिळालं. तेव्हापासून दोन वाडगे होतात. एकदा आजीबाई वरून आंबट साय घालायच्या म्हणून यांनी चक्का घातला. ताई म्हणाल्या, "वेलची राहिली."

शेवटी पाप्रिका. ते डबे विम्याच्या कागदांशेजारी कपाटात असतात, किल्ली यांच्या जानव्याला. एका डब्यातली तिखट, एकातली गोड. करंगळीशेजारच्या बोटाने, देवाला गंध लावावं तशी चिमूट पडते. पोरं चाखतात आणि म्हणतात, "काका, ही लागतच नाही." तोंडाला चव कशी असते हे समजावताना भाऊसाहेब इतिहासात शिरतात. मिरची अमेरिकेतली, आपल्याकडे पोर्तुगीजांनी आणली, हंगेरीत तुर्कांबरोबर आली. बुडा शहर १५४१ पासून १६८६ पर्यंत तुर्कांच्या ताब्यात होतं. उलट काकडी मूळची आपली, हिमालयाच्या पायथ्याच्या कडूजहर रानवेलीची लेक. "म्हणजे काकडी इथून तिकडे गेली ती येणे बाकी, मिरची दोघांकडेही उसनी," असा ते ताळा मांडतात. मला तो मनापासून आवडतो, पण तोपर्यंत वाढायला घेतलेलं नसतं आणि पोटात कावळे ओरडत असतात.

त्यांची आवडती गोष्ट आल्बेर्ट सेंट-ग्यॉर्गी या शास्त्रज्ञाची. सेगेडला प्राध्यापक होता. एका रात्री बायकोने जेवणात ताजी पाप्रिका वाढली. त्याला ती खायची नव्हती, आणि तसं तोंडावर सांगायची छाती नव्हती. म्हणून त्याने ती प्रयोगशाळेत नेली, आणि तिच्यात क जीवनसत्त्वाचा खजिना सापडला. १९३७ चं नोबेल मिळालं. ही गोष्ट तो स्वतःच सांगायचा. भाऊसाहेब ती पाप्रिकाच्या थोरवीसाठी सांगतात. आम्ही ती आमच्या पानातल्या काकडीकडे बघत ऐकतो आणि कोणाच्या घराजवळ प्रयोगशाळा आहे का, याचा विचार करतो.

अन्याय नको. भाऊसाहेबांची काकडी आता वाईट होत नाही. गार, आंबटगोड, दाताखाली करकरीत. पण कौतुक केलं की ते "लेखी द्या" म्हणतात. एक वही आहे. त्यात तारीख, काकडीचं वजन, मीठ, साखर आणि शेरा. आमच्यातल्या प्रत्येकाची त्यात सही आहे. मुलांचे अंगठे आहेत.

मागच्या रविवारी पावसाने अंगठा पार पुसून टाकला होता, शिरढोणच्या वासुदेव बळवंतांवर बोलणं घसरलं होतं. ते पुण्याला लष्कराच्या हिशेबखात्यात नोकरीला होते, हे भाऊसाहेबांना फार जवळचं वाटतं. "शेवटी आमच्याच लाइनीतले," ते म्हणाले. ताई पोळ्या लाटत होत्या. "त्यांनी नोकरी सोडून बंड केलं," त्या म्हणाल्या. "तुम्ही पूर्ण पेन्शन घेऊन काकडी केलीत."

सगळे हसले. भाऊसाहेब हसले नाहीत, कारण त्यांची नजर ओट्यावरच्या पातेल्याकडे होती. काकडी पिळून उरलेलं पाणी त्यात असायला हवं होतं. नव्हतं.

"पाणी कुठे गेलं?"

"कुठलं?"

"काकडीचं. मीठ लावलेलं. दर रविवारी लिटरभर निघतं." त्यांचा आवाज जुना झाला, कचेरीतला. "मागच्या अकरा रविवारचं कुठे गेलं?"

"तुमच्या पोटात," ताई म्हणाल्या. "पाच वाजता थालीपीठ खाता ना? लुसलुशीत झालंय म्हणता ना? भाजणी त्यातच भिजवते. वेगळं मीठ घालावं लागत नाही."

भाऊसाहेबांनी वही उघडली, मग मिटली. अकरा पानांवर या पाण्याची नोंदच नव्हती.

"हे तुला कोणी सांगितलं?"

"सासूबाईंनी. त्या खमंग काकडीला अशीच काकडी चोचवायच्या." ताईंनी लाटणं ठेवलं. सोललेली काकडी डाव्या तळव्यात उभी धरली आणि सुरीने टचटच, टचटच घाव घालत फिरवत नेली. मग आडवी सुरी मारली. राईएवढे तुकडे ताटलीत सांडले. त्यांनी एकदाही खाली बघितलं नव्हतं. "मीठ लावायच्या, पिळायच्या. पाण्यात थालीपीठ. काकडीला दाण्याचा कूट, ओलं खोबरं, लिंबू, वर तुपातली जिरं-मिरचीची फोडणी. तुमचं लग्न होईपर्यंत दर चतुर्थीला खाल्लीत."

"आई पिळायची?"

"मग काय! तुम्ही पेपर वाचत जेवायचात."

कोणी काही बोललं नाही. पट्टी, दोन डबे, एकोणनव्वद दिवस, विमानाचं भाडं. यातला कुठला खर्च कुठल्या शीर्षाखाली टाकायचा याचा विचार त्यांच्या चेहऱ्यावर सरळ दिसत होता. मग त्यांनी नवं पान काढलं, वर तारीख घातली आणि पेनाचं टोपण काढलं.

"साखर किती घालायची आई?"

"चिमूटभर."

"चिमूट म्हणजे किती ग्रॅम?"

"चिमूट म्हणजे चिमूट."

भाऊसाहेब उठले. वजनकाटा आणला, त्यावर रिकामी वाटी ठेवली, शून्य केलं आणि ताईंसमोर सरकवला. ताईंनी डब्यात बोटं घातली आणि चिमूट वाटीत सोडली. भाऊसाहेब चष्मा कपाळावर चढवून वाकले. आम्हीही वाकलो.

काटा शून्यच दाखवत होता.

"अजून एक," भाऊसाहेब म्हणाले.

"अजून एक घातली तर गोड होईल," ताई म्हणाल्या आणि पोळी तव्यावर टाकायला वळल्या.