मोबाइलचं दुसरं बारसं

आमच्या जिल्ह्याचं नाव बदलायला मंत्रिमंडळाचा निर्णय लागला, केंद्राची मंजुरी लागली, राजपत्र लागलं. मोबाइलचं बारसं त्यामानाने फारच स्वस्त, असं नागापूरच्या एमआयडीसीत रात्रपाळीला निघालेला एक पोरगा मला पटवत होता. सेकंडहँड मोबाइल, बिल नाही, खोकं नाही, पण माल 'एक नंबर'. फक्त नेटवर्क येत नाही. "आयएमईआय ब्लॉक आहे, काका. सॉफ्टवेअर मारलं की नवा बसतो."

बसतो ना! पंधरा तर आकडे. पहिले आठ मॉडेल सांगतात, पुढचे सहा त्या एका नगाचे, आणि शेवटचा आधीच्या चौदांवरून गणिताने काढलेला. मनाला येतील ते आकडे ठोकले तर हा पंधरावा बेटा चुगली करतो. मग सोपं काय? दुसऱ्या कुणाच्या चालू मोबाइलचे आकडे उचलायचे. आता त्या दुसऱ्याने कुणाला खंडणीसाठी धमकावलं, तर चौकशीचा मान तुमचाही!

2020 साली मेरठात एका फौजदाराचा दुरुस्तीहून आलेला मोबाइल तपासताना निघालं, की एकच आयएमईआय साडेतेरा हजारांवर मोबाइलांवर चालू आहे. त्यातला चोरीचा एक ब्लॉक करायला जावं, तर बाकीचे सगळे मुके.

आणि ब्लॉक करायची सोय आपल्याच राज्यात आधी आली बरं का. हरवलेल्या मोबाइलांची केंद्रीय नोंद सप्टेंबर 2019 मध्ये मुंबईत सुरू झाली; 2023 पासून 'संचार साथी'वर देशभर. म्हणजे पोराचा मोबाइल नेटवर्कवर रुसलेला नाही, कुणीतरी त्याच्या नावाने तक्रार करून बसलंय.

मी त्याला 2023 चा दूरसंचार कायदा सांगितला. कलम 42: तीन वर्षांपर्यंत कैद, 50 लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. गुन्हा अजामीनपात्र. आकडे बदललेला मोबाइल माहीत असून जवळ ठेवला, तरी तेच कलम.

"पन्नास लाख? अहो, मोबाइल सात हजारांचा आहे!"

हिशेबाला पोरगा पक्का. मग म्हटलं, विकत घेण्याआधी केवायएम लिहून पुढे पंधरा आकडे टाकायचे आणि 14422 वर मेसेज करायचा. सरकार फुकटात सांगतं.

"करतो की," तो म्हणाला, "तुमचा मोबाइल द्या जरा. माझ्याला नेटवर्क नाही."