चौरस फुटाची साधना

कलावंताने तडजोड करू नये, असा उपदेश प्रायः ज्यांच्या घरी दरमहा वेतन बिनबोभाट येते अशाच सज्जनांनी केलेला असल्यामुळे, मालेगाव तालुक्यातील किन्हीराजा येथील आमच्या पेंटरसाहेबांनी तो कधी फारसा मनावर घेतला नाही. एके काळी हे गृहस्थ शिडीवर उभे राहून बियाण्यांच्या दुकानाची पाटी दोन-दोन दिवस रंगवीत, आणि वेलांटी मनासारखी वळली नाही तर मजुरी न वाढविता ती पुसून पुन्हा काढीत. आता ते संगणकावर फ्लेक्स जुळवितात; छपाई वाशीमला होते, आकार चौरस फुटाने होतो, आणि प्रतिभेची मोजदादही त्याच फूटपट्टीने होत असल्यामुळे रसिकतेचा तंटाच मिटला आहे.

या कलेचे शास्त्र पक्के आहे. मध्यभागी गॉगल लावलेली उत्सवमूर्ती. वरच्या कडेला महापुरुष, तेही उरलेल्या जागेच्या मानाने. आणि खाली वर्गणीच्या प्रमाणात लहानमोठे शुभेच्छुक. परवा गावातील एका व्याजबट्टा करणाऱ्या शेठजींचा वाढदिवस होता. मथळा ठरला ‘शेतकऱ्यांचे कैवारी’. वर्ण दोन छटा उजळला, पोट आत गेले, मागे सिंह उभा राहिला. सिंह मोठा करण्याची फर्माईश आली, तेव्हा “शेठ, सिंह मोठा केला तं तुमीच लहान दिसान,” एवढा एकच कलाविषयक आक्षेप पेंटरसाहेबांनी नोंदविला आणि तो तत्काळ मंजूर झाला.

कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनीही नाटकांचे पडदे रंगविले होते, आपल्या चित्रपटांची भित्तिपत्रके स्वहस्ते काढली होती. धंद्याचे त्यांना वावडे नव्हते. परंतु पौराणिक चित्रपटांचा अंमल ऐन भरात असता, १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढून कर्जापायी जमिनीला मुकलेला शेतकरी पडद्यावर आणण्याची अव्यवहारी बुद्धी त्यांना झाली. आमच्या पेंटरसाहेबांनी हा प्रमाद कटाक्षाने टाळला आहे. त्यांच्या संगणकाचे कर्ज याच शेठजींचे. फ्लेक्सचे बिल व्याजात वळते होते, आणि मुद्दल जागच्या जागी शाबूत असल्यामुळे पुढील वाढदिवसाची कामगिरी आजच मुक्रर झाली आहे. कलेला राजाश्रय उरला नाही, अशी हाकाटी करणाऱ्यांनी एकवार किन्हीराजास यावे. येथे आश्रयदाता कलावंतास सोडावयास मुळीच राजी नाही.