हत्ती दिसणारे वाल्डेकसाहेब

जंगलात बुजलेलं प्राचीन शहर सापडलं की त्याच्या मागोमाग एक गृहस्थ हमखास हजर होतात. शहर कोणी बांधलं हे त्यांना घरून निघतानाच ठाऊक असतं. तिथवर जायचं ते फक्त आपलं खरं करून घ्यायला. मध्य अमेरिकेतल्या प्राचीन माया लोकांच्या वाट्याला आलेल्या अशा मंडळींत मानाचं पान काउंट ज्याँ-फ्रेदेरिक वाल्डेक यांचं.

१८२२ साली लंडनमध्ये पालेंके या माया शहराच्या अवशेषांवरचा एक जुना स्पॅनिश अहवाल छापला गेला. त्यातल्या चित्रांचे ठसे कोरता कोरता वाल्डेकच्या डोक्यात पालेंकेचा किडा शिरला. १८२५मध्ये स्वारी एका खाणीत इंजिनिअर म्हणून मेक्सिकोला पोचली. खाणीत मन रमेना. १८३२मध्ये चियापासच्या जंगलात पालेंकेला जाऊन त्यांनी चक्क बिऱ्हाड थाटलं. कागद सादळतोय, डास फोडून काढताहेत, आणि साहेब आपले चित्रं काढताहेत. त्यांची चिकाटी नाकारता येणार नाही. हातही तयार होता. गोची होती ती डोळ्यांची.

पालेंकेच्या शिलालेखांत त्यांना हत्ती दिसले. एखादा असता तर दमट हवेचा परिणाम म्हणून सोडून दिला असता. पण वाल्डेकच्या चित्रांत मायालिपीच्या चौकटींमधून सोंडा डोकावू लागल्या. आता मायांच्या मुलखात हत्ती औषधालाही नव्हता. त्यांचा पर्जन्यदेव चाक लांब, वळलेल्या नाकाचा, एवढंच. पण वाल्डेकना नाक नको होतं, सोंड हवी होती. सोंड म्हटली की हत्ती आला आणि हत्तीवर बसून अख्खं प्राचीन आशिया खंड आलं. तिथल्या रानात राहणाऱ्या, त्यांचंच सामान वाहणाऱ्या माया माणसांच्या पणजोबा-खापरपणजोबांनी हे उभं केलं असेल, ही शंका तेवढी त्यांना शिवली नाही.

पुढे उश्माल या दुसऱ्या माया शहरात तोच खाक्या. तिथल्या मोठ्या पिरॅमिडचा पाया लंबगोल, कोपरे गोलाईचे. वाल्डेकच्या चित्रात तो इजिप्तमधून बोटीने मागवल्यासारखा ताठ, चारकोनी. वर त्याला नाव दिलं ‘किंग्जबरोचा पिरॅमिड’. हे किंग्जबरो म्हणजे वाल्डेकना पैसे पुरवणारे लॉर्ड. इस्राएलच्या हरवलेल्या टोळ्या अमेरिकेत गेल्या, या एका कल्पनेपायी त्यांनी भले थोरले ग्रंथ छापले, कर्जबाजारी झाले आणि १८३७मध्ये डब्लिनच्या तुरुंगात वारले. आश्रयदाता आणि आश्रित, दोघांची पत्रिका अशी छत्तीस गुणांनी जुळली होती.

काउंट स्वतःचंही चित्र त्याच हाताने काढत. ते काउंट होते की नाही याचा पत्ता नाही. कधी बॅरन असत, कधी ड्यूक. जन्म पॅरिसचा, प्रागचा किंवा व्हिएन्नाचा, समोर कोण बसलंय त्यावर ठरणार. नेपोलियनबरोबर इजिप्तलाही जाऊन आलेले. जन्मसाल १७६६ सांगत आणि वारले १८७५मध्ये, म्हणजे वय एकशे नऊ! पॅरिसच्या रस्त्यावरून जाणाऱ्या सुंदर बाईकडे वळून बघताना त्यांचा प्राण गेला, असं सांगतात. गोष्ट खरी असण्याचा संभव कमीच, पण वाल्डेकना ती नक्की आवडली असती.

हत्ती मात्र त्यांच्याबरोबर गेले नाहीत. १९२४मध्ये इलियट स्मिथ या नामांकित शरीरशास्त्रज्ञाने होंडुरासमधल्या कोपानच्या एका शिलास्तंभावर हत्ती पाहिले आणि त्यांच्यावर फेटेवाले माहूतही बसवले. जाणकार सांगत होते की अहो, ही मकाव पोपटाची चोच आहे. पण चोचीवर माहूत कसा बसणार? आपल्याकडच्या काही काकांना तर त्या सोंडेत थेट गणपती दिसतो. मयासुराचा पत्ता ते फोटोसकट रोज सकाळी फॉरवर्ड करतात. त्यांना काय म्हणणार?

त्याच कोपानला १८३९मध्ये स्टीफन्स नावाचा अमेरिकन वकील आणि कॅथरवुड नावाचा इंग्रज चित्रकार गेले होते. स्टीफन्सने ते अवशेष पन्नास डॉलरला विकत घेतले, हाही एक नमुनाच म्हणायचा. पण कॅथरवुड चिखलात उभा राहून, डासांपायी हातमोजे घालून, चित्रं काढत होता. ती अनोळखी नक्षी सुरुवातीला त्याच्या हाताला येईना. कागदामागून कागद वाया गेले. तरी समोर जे नाही ते त्याने काढलं नाही. ती चित्रं १८४१च्या पुस्तकात छापून आली आणि त्यातच स्टीफन्सने लिहून टाकलं की ही शहरं इथल्याच लोकांच्या पूर्वजांनी बांधली. बरोबर लिहिलं.

१९५२मध्ये पालेंकेच्या शिलालेख मंदिराखाली पाकाल राजाची शवपेटी सापडली. त्याच वर्षी युरी क्नोरोझोव्ह या रशियन पंडिताने मायालिपी वाचायची वाट दाखवली. मग हळूहळू दगड बोलू लागले, आणि त्यांत हत्तींबद्दल अवाक्षर नाही. राजांचे जन्म, राज्याभिषेक, लढाया, मृत्यू मात्र तारीखवार आहेत. पाकाल ६०३मध्ये जन्मला आणि ६८३मध्ये वारला, हे त्या शवपेटीच्या कडेवर कोरलेलं आहे. ऐंशी वर्षं, पक्का दाखला. वाल्डेकसाहेबांचं वय मात्र अजून त्यांच्याच शब्दावर धरावं लागतं.