मांजराची नखे: एक घरगुती मोहीम

मांजराच्या गळ्यात घंटा कोणी बांधायची, हा प्रश्न उंदरांना पडला होता. नखे कोणी कापायची, हा माणसांना पडतो. नखे साधारणपणे 18 असतात: पुढच्या पंजांना पाच-पाच, मागच्यांना चार-चार. एरवी ती आत दडलेली असतात. बोटाची गादी हलकेच दाबली की नख बाहेर येते आणि तथाकथित मालकाला प्रथमच नीट दिसते; तोवर त्याची ओळख सोफ्याच्या कापडावरूनच झालेली असते.

नखाच्या मुळाकडे गुलाबी भाग असतो. त्यात रक्तवाहिनी आणि मज्जातंतू असतात. कापायचे ते त्यापुढचे पांढरे टोक, तेही गुलाबीपासून सुमारे 2 मिलिमीटर अंतर राखून. ‘अजून थोडे बारीक करा’ हे सलूनमध्ये ठीक. चुकून रक्त आलेच तर कॉर्नफ्लोअर दाबून धरावे. माणसाच्या जखमांसाठी पट्टी अर्थातच आधीपासून हाताशी असावी.

मुहूर्त जेवणानंतरच्या डुलकीचा. आतल्या बाजूचे, अंगठ्यासारखे नख विसरू नये. ते जमिनीला टेकत नाही, म्हणून फारसे झिजत नाही आणि वाढून वळले तर गादीत रुतते. सगळी नखे एकाच बैठकीत उरकण्याची हौस फक्त माणसाला असते. मांजर गुरगुरू लागले की खाऊ देऊन सोडून द्यावे. दिवसाला दोन नखे या गतीने नवरात्र पुरते. मग दोन-तीन आठवड्यांनी पुन्हा घटस्थापना.