रुपयाला साडेचार पैसे
लोकअदालतीच्या शनिवारी तालुक्याच्या कोर्टात बँकेचे साहेब टेबल मांडून बसतात. म्हशीच्या कर्जावरचं व्याज थोडं सोडतात, मुद्दलावर मात्र अडून बसतात. तडजोडीवर अंगठा उठला की हुकूमनामा, अपील नाही.

दिवाळखोरीत निघालेल्या व्हिडिओकॉन कंपनीचा थाट निराळा. जून २०२१मध्ये मुंबईच्या कंपनी न्यायाधिकरणाने सुमारे ६४,८३८ कोटींच्या मान्य दाव्यांपोटी २,९६२ कोटींची योजना मंजूर केली. रुपयाला साडेचार पैसे! बहुतेक बँकांनी या योजनेला आधीच होकार भरला होता. विरोधातली बँक ऑफ महाराष्ट्र अपिलात गेली, तेव्हा कुठे होकारवाल्यांनाही आकडा बोचू लागला. २०२२मध्ये योजना फेरविचारासाठी बँकांकडे माघारी गेली.

म्हैसवाल्याने हाच दर मागितला, तर साहेब म्हणतील, "काका, तुमची थकबाकी फारच लहान आहे हो. तिला सूट बसत नाही."